म्हापशातला बुद्धिबळ क्लास, सहा महिन्यांनंतर : अडीच स्टार, तेही रविवारच्या सरांमुळे

नाव लिहीत नाही, आमच्या बिल्डिंगमधली चार मुलं तिथे जातात आणि लिफ्टमध्ये रोज भेट होते. म्हापशात राहणारे बोर्ड बघूनच ओळखतील.

नोव्हेंबर २०२५ मध्ये हडफड्याला रिसॉर्ट रिओत बुद्धिबळाचा वर्ल्डकप झाला त्यानंतर आमच्याकडे घरोघरी बुद्धिबळाचा ताप आलाय. २०६ खेळाडू जगभरातून आले आणि आम्ही घरापासून अर्ध्या तासावर असूनही सगळं मोबाईलवर बघितलं, पोराला शाळा आणि मला बँक, काय करणार. जगज्जेता गुकेश तिसऱ्या फेरीत स्वानेकडून हरला तेव्हा आमचा चिरंजीव जेवला नाही. प्रज्ञानंद चौथ्या फेरीत हरला, मग सगळी आशा अर्जुन एरिगैसीवर, त्याने पाचव्या फेरीत आरोनियनला हरवलं तेव्हा घरात फटाके फुटायचेच बाकी होते, आणि नंतर तोही क्वार्टर फायनलला चीनच्या वेई यीकडून हरला. शेवटी कप नेला उझबेकिस्तानच्या सिंदारोवने, १९ वर्षांचा पोरगा, १६वं सीडिंग (स्पर्धेआधीचा मानांकन क्रमांक), फायनलला वेई यीलाच टायब्रेकमध्ये, म्हणजे बरोबरीनंतरच्या झटपट डावांत, हरवलं. दुसऱ्या दिवशी पोरगा म्हणाला, आई मला क्लास लाव.

तर क्लास. जिन्यातच मोठा फ्लेक्स, त्यावर लिऑन मेंडोन्सा, भक्ती कुलकर्णी, अनुराग म्हामल यांचे फोटो आणि मधोमध क्लासच्या मुख्य सरांचा फोटो, तोही त्यांच्यापेक्षा मोठा. बघणाऱ्याला वाटावं की हे तिघं इथूनच शिकून गेले. मी विचारलं तर मॅडम (फी घेणाऱ्या) म्हणाल्या, "नाही हो, गोव्याचे म्हणून लावलेत, मुलांना इन्स्पिरेशन." बरं. सरांच्या नावाखाली ठळक अक्षरात ग्रँडमास्टर आणि त्याच्या आधी अगदी बारीक अक्षरात अरेना. मला तेव्हा कळलं नाही, वाटलं अकॅडमीचं नाव असेल. तीन महिन्यांची फी एकरकमी भरून मोकळी झाले.

चूक माझीच, बँकेत दुसऱ्यांची कागदपत्रं तपासते आणि इथे काही न बघता पैसे दिले. महिन्याभराने एका रात्री फिडेच्या, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाच्या, रेटिंग (खेळाच्या ताकदीचा आकडा) साइटवर बसले. फुकट आहे, लॉगिन लागत नाही, खेळाडूचं नाव टाकलं की सगळी कुंडली समोर येते : टायटल, क्लासिकल (लांब डाव), रॅपिड (झटपट), ब्लिट्झ (अतिझटपट) असं वेगवेगळं रेटिंग, महिन्यावार चढउतार, कुठल्या महिन्यात किती डाव खेळला तेसुद्धा. सरांचं नाव टाकलं. रेटिंग सोळाशेच्या आसपास, कित्येक वर्षांत एक रेटेड डाव नाही, नावापुढे इनॅक्टिव्ह. अरेना ग्रँडमास्टर म्हणजे फिडेच्या ऑनलाइन अरेनात खेळून मिळणारा किताब. खोटा नाही, फिडेचाच आहे, पण खऱ्या ग्रँडमास्टरशी त्याचं नातं नावापुरतंच.

खरा कसा होतो ते त्याच रात्री वाचत बसले, चहा दोनदा गरम केला. २५०० रेटिंग एकदा तरी गाठावं लागतं आणि त्याशिवाय नॉर्म, म्हणजे एखाद्या स्पर्धेतल्या मोठ्या कामगिरीचे शिक्के, हवेत, साधारणपणे तीन, मिळून किमान २७ डाव, आणि प्रत्येक नॉर्मच्या स्पर्धेत २६०० च्या तोडीचा खेळ. आपल्या लिऑनचंच बघा. मार्च २०२० मध्ये वडिलांबरोबर युरोपात खेळायला गेलेला, कोविडमुळे हंगेरीतच अडकला, आणि रडत बसण्याऐवजी खेळत राहिला. ऑक्टोबरमध्ये एक नॉर्म, नोव्हेंबरमध्ये बुडापेस्टला दुसरा, डिसेंबरमध्ये इटलीत तिसरा. वय १४ वर्षं आणि काही महिने. भारताचा ६७वा ग्रँडमास्टर, गोव्याचा दुसरा, पहिला अनुराग म्हामल. पुढे २०२४ ला नेदरलँड्समध्ये विक आन झीला टाटा स्टील स्पर्धेचा चॅलेंजर्स गट जिंकला आणि त्या जोरावर २०२५ ला वरच्या मास्टर्स गटात बसला. भक्ती कुलकर्णी २०१६ ला आशियाई विजेती, २०२२ च्या चेन्नई ऑलिम्पियाडला (देशांच्या संघांची जागतिक स्पर्धा) ब्राँझ मिळवणाऱ्या महिला संघात, त्याच वर्षी अर्जुन पुरस्कार. इव्हाना फुर्तादो तर आठ वर्षांखालच्या गटात लागोपाठ दोनदा जगज्जेती, २००६ आणि २००७. तिचा फोटो फ्लेक्सवर नाहीच, म्हणजे फ्लेक्स करणाऱ्याला गोव्याचा बुद्धिबळ तरी कुठे ठाऊक होता.

(आरोनियनची एक गंमत. हा माणूस २००२ ला ज्युनियर वर्ल्ड चँपियन झाला तो गोव्यातच. २३ वर्षांनी परत गोव्यात आला आणि आपल्या अर्जुनकडून हरला. क्लासमध्ये हे सांगितलं तर मुख्य सर म्हणाले, "असं काय?")

आणखी एक फ्लेक्स आहे आतल्या खोलीत : "आमच्या विद्यार्थ्याची एका महिन्यात २४० गुणांची झेप, मार्च २०२४". मुलाचा फोटो, गळ्यात हार. आता मार्च २०२४ ला काय झालं होतं? फिडेने किमान रेटिंग १००० वरून १४०० केलं आणि २००० च्या खाली असलेल्या सगळ्यांचं रेटिंग एकदाच वर उचललं. २००० ला जितके गुण कमी, त्याचे ४० टक्के मिळाले. म्हणजे १४०० वाल्याला ६०० च्या ४० टक्के, बरोब्बर २४०, घरी झोपून! पोराचा बिचाऱ्याचा काय दोष, पण हार घालायला कोणी सांगितलं होतं. मी मॅडमना नम्रपणे बोलले, त्या म्हणाल्या बघते. फ्लेक्स अजून आहे.

मग अडीच स्टार का, एकच का नाही? तर रविवारचे सर. हे मडगावहून कदंबाच्या बसने येतात, वय पन्नाशीच्या पुढे, कुठल्याच फ्लेक्सवर नाहीत, बोलणं हळू. यांचंही नाव मी टाकून बघितलं (सवयच लागली). रेटिंग सतराशेच्या वर, काही टायटल नाही, पण जवळजवळ दर महिन्याला कुठे ना कुठे खेळलेले, कधी १० गुण वर कधी १५ खाली. मला ती वरखाली रेघ बघून बरं वाटलं, माणूस अजून स्वतः मार खायला जातो.

आठवडाभर मुख्य सर मुलांना ओपनिंगचे सापळे शिकवतात, चार चालींत मात वगैरे, मुलं खूश, पालक खूश. रविवारचे सर पटावर दोन राजे, दोन हत्ती, एक प्यादं ठेवतात. मी एकदा पाठीमागे बसून बघितलं, पटाचं एक प्यादं हरवलेलं, त्याच्या जागी दोन रुपयांचं नाणं. पोराला म्हणाले, "बाबू, हा तुझा हत्ती तिसऱ्या ओळीत ठेव आणि गप्प बस. त्याचा राजा पुढे येऊ शकत नाही. तो प्यादं पुढे ढकलेल ना, तेव्हा हत्ती घेऊन थेट मागे पळ आणि पाठीमागून शह देत राहा." नाणं एक घर सरकलं, पोराने हत्ती पळवला, शह, शह, शह, बरोबरी. पाऊण तास हेच, बाजू बदलून बदलून. एक मुलगा कंटाळून बाटलीचं झाकण फिरवत बसला, त्याला ओरडले नाहीत, त्यालाच पुढची चाल विचारली.

मग त्यांनी सिंगापूरच्या जगज्जेतेपदाच्या लढतीतला डाव लावला, १२ डिसेंबर २०२४, गुकेश विरुद्ध तेव्हाचा जगज्जेता चीनचा डिंग, चौदावा आणि शेवटचा. सगळ्यांना वाटत होतं बरोबरी होणार. ५५व्या चालीला डिंगने हत्ती एफ२ घरावर आणला, तीच चूक. गुकेशने हत्ती बदलले, मग डी५ वर उंट बदलायला लावले, कारण डिंगचा उंट पार कोपऱ्यात जाऊन बसलेला. उरले राजे आणि प्यादी, गुकेशचं एक प्यादं जास्त. संपलं, १८व्या वर्षी जगज्जेता. सर म्हणाले, "ह्यात सापळा कुठे आहे दाखवा बघू." पोरं गप्प. आमचा चिरंजीव गाडीत बसल्यावर म्हणाला, "आई, डिंग दमला होता ना?" मी म्हटलं असेल बाबा.

बाकी व्यवहार. खोली कोंदट, पंखा एक, एप्रिलमध्ये हाल. घड्याळं सहा आणि मुलं अठरा, त्यामुळे मुलं वेळेशिवायच खेळतात आणि पहिल्या रेटेड स्पर्धेत आमचा पोरगा घड्याळ दाबायलाच विसरत होता. रिफंड नाही म्हणजे नाही, पावतीच्या मागे लिहिलंय. पार्किंग विसरा, शुक्रवारी बाजाराच्या दिवशी तर गाडी काढूच नका, चालत जा. आम्ही आता फक्त रविवारची बॅच ठेवलीय, मॅडम तशी देत नाहीत, म्हणतात पूर्ण पॅकेजच घ्यावं लागतं, पण दोनतीन पालक मिळून गेलात की देतात.