घड्याळ, मिनिटं की खुर्ची? मुलाला झोपवायच्या तीन पद्धती, समोरासमोर

दिवा मालवून पाऊण तास झालेला असतो. पाणी पिऊन झालं, शू करून झाली, आता पाय खाजतोय आणि उशी गरम झालीय म्हणून उलटी करून हवीय. तुम्ही थोपटत राहता. श्वास संथ होतो, मुठीतलं तुमचं बोट सैल सुटतं. तुम्ही हात काढून घेत श्वास रोखून उठता, पलंग जरासा करकरतो आणि डोळे टक्क उघडे! पुन्हा पहिल्यापासून.

माझ्या दोन मुलांमुळे मी तीन पद्धती करून पाहिल्या. पहिली घड्याळाची, म्हणजे झोपायला न्यायची वेळच मागेपुढे करायची. दुसरी मिनिटं मोजायची: मूल रडलं तरी ठरावीक वेळ थांबून मगच आत जायचं. तिसरी खुर्चीची. पलंगाशेजारी बसायचं आणि खुर्ची रोज थोडी दूर न्यायची. तिन्ही चालतात, पण तिन्ही ज्या रोगावर लागू पडतात तो एक नाही आणि बहुतेक घरांत गाडी अडते ती इथेच.

आधी एवढंच पाहा: मुलाला झोप लागत नाही, की लागलेली झोप मोडते? झोपेच्या एका फेरीनंतर प्रत्येक जण किंचित जागा होतो. मोठ्यांची फेरी साधारण दीड तासाची, तान्ह्यांची तासाभराच्या आतबाहेर. आपण कूस बदलतो आणि सकाळी आठवतही नाही. मूल मात्र डोळा लागताना जे जवळ होतं तेच शोधतं. हात होता तर हात, कडेवर होतं तर कड. रात्री दोनला ऐकू येणारी हाक बहुतेकदा या शोधाची असते. मिनिटं आणि खुर्ची या सवयीवर काम करतात. झोपच आलेली नसेल, तर तिथे घड्याळ हवं.

घड्याळ

ही सगळ्यात कमी रडारडीची पद्धत आहे आणि हिच्याकडेच सगळ्यात कमी लोक वळतात. कारण ‘मूल झोपत नाही, तर आणखी उशिरा झोपवा’ हे ऐकायलाच उफराटं वाटतं.

हिशेब करून बघा. अमेरिकन अकॅडमी ऑफ स्लीप मेडिसिनने 2016 साली दिलेले आकडे असे: 1 ते 2 वर्षांच्या मुलाला दिवसभरात मिळून 11 ते 14 तास झोप, 3 ते 5 वर्षांच्या मुलाला 10 ते 13 तास. दुपारची डुलकी यातच धरलेली आहे. आता समजा तीन वर्षांच्या मुलाची गरज साडेअकरा तासांची आहे. दुपारी ते दोन तास झोपतं आणि सकाळी सातला उठतं. म्हणजे रात्रीचे उरले साडेनऊ तास. याचा अर्थ साडेनऊ वाजायच्या आत त्याला झोप येणारच नाही. तुम्ही आठला अंथरुणात घातलंत तर पुढचा दीड तास तळमळ, चुळबुळ आणि पाणी. शिवाय नेहमीच्या झोपेच्या आधीचे दोन-अडीच तास शरीराचं घड्याळ माणसाला उलट तरतरीत ठेवतं. संध्याकाळी पेंगणारं पोरगं रात्री घरभर उड्या मारतं, ते दर वेळी खोडकरपणातून नाही.

करायचं ते असं. आठवडाभर खरंच डोळा किती वाजता लागतो ते लिहून ठेवायचं. मग त्याच वेळी अंथरुणात न्यायचं, पंधरा मिनिटं आधी नाही. सकाळी उठवायची वेळ एकच, सुट्टीच्या दिवशीही. पंधरा-वीस मिनिटांत झोप लागायला लागली, की दर दोन-तीन रात्रींनी वेळ पंधरा मिनिटं अलीकडे आणायची. सकाळी शिस्त पाळायची तयारी नसेल तर या वाटेला जाऊ नका, सगळा डाव त्या सकाळवर आहे. दुपारची झोप चार वाजून गेल्यावरही चालू असेल, तर पहिली कात्री तिला.

मिनिटं

मुलाला जागं असतानाच ठेवायचं, बाहेर यायचं. रडलं की तीन मिनिटांनी आत जायचं, दोन शब्द बोलायचे, उचलायचं नाही. पुढच्या खेपेला पाच मिनिटं, मग दहा. दुसऱ्या रात्री सुरुवातच पाचपासून. सहा महिन्यांच्या आतल्या बाळावर हा प्रयोग नको. रात्री भुकेने उठणाऱ्या तान्ह्याला दूध हवं असतं, धडा नव्हे.

निकाल लवकर दिसतो, बऱ्याच घरांत आठवड्याच्या आत. पण दुसऱ्या-तिसऱ्या रात्री रडणं आधीपेक्षा वाढतं, हे कोणी आधी सांगत नाही. तिथे कच खाऊन उचललंत तर मूल एवढंच शिकतं की वीस मिनिटं रडावं लागतं.

‘मुलाच्या मनावर ओरखडा उठेल’ ही भीती खरी आहे, म्हणून अभ्यास पाहिले. ऑस्ट्रेलियात 326 मुलांचा मागोवा घेतला गेला. त्यातल्या निम्म्याहून थोड्या जास्त मुलांच्या आईवडिलांना बाळ आठ-दहा महिन्यांचं असताना मिनिटांची किंवा खुर्चीची पद्धत शिकवली होती. 2012 साली निष्कर्ष आले. सहा वर्षांची झाल्यावर वागणूक, भावना, आईवडिलांशी नातं, कशातही फरक नव्हता. तोटा नाही, तसा तेव्हा उरलेला फायदाही नाही. जो फायदा होता तो सुरुवातीच्या वर्षांतला.

2016 साली ऑस्ट्रेलियातच 43 बाळांवर मिनिटं आणि घड्याळ यांची थेट तुलना झाली. झोप लवकर लागण्यात दोन्ही पद्धती सरस ठरल्या. रात्री जाग येणं कमी झालं ते ठळकपणे मिनिटांच्या गटात. ताणाचं संप्रेरक कॉर्टिसॉल वाढलं नव्हतं आणि वर्षभराने पाहिलं तेव्हा आईवडिलांशी जिव्हाळाही उणावला नव्हता. बाळं थोडी होती, हे विसरू नये. पण निवड करणाऱ्याला यातून उत्तर मिळतं: सुरुवातीलाच अडतंय तर आधी घड्याळ, मध्यरात्री दर दोन तासांनी हाक येतेय तर मिनिटं.

अर्थात घरातल्या दोघांचं एकमत नसेल तर ही पद्धत घेऊ नका. एक जण घड्याळाकडे बघत दारात उभा आणि दुसरा त्याला ढकलून आत जाणारा, हे मी आमच्याच घरात पाहिलंय. ती रात्र पोरापेक्षा आम्हालाच जड गेली.

खुर्ची

मऊ पण लांबण लावणारी. पहिल्या दोन-तीन रात्री पलंगाला लागून बसायचं, हात ठेवला तरी चालेल. मग हात काढायचा. मग खुर्ची अर्ध्या खोलीत, मग दाराशी, मग दाराबाहेर. दोन ते तीन आठवडे धरून चाला. एकट्याला भीती वाटणाऱ्या, चिकटू स्वभावाच्या मुलाला हीच मानवते. मिनिटांच्या पद्धतीत दर वेळी आत-बाहेर केल्याने अशी मुलं उलट जास्त पेटतात.

अवघड भाग बसण्याचा नाही, गप्प बसण्याचा आहे. तिथे बसून मूल गप्पा मारायला लागतं आणि तुम्ही दिवसभर थकून आलेला असता, तर गोष्ट सांगून टाकणं सोपं वाटतं. नको. ‘आता झोप, मी इथेच आहे’ यापलीकडे वाक्य नको, आणि मोबाईल तर नकोच, त्याचा उजेड चेहऱ्यावर पडला की मूल उठून बसतं. धाकटीच्या वेळी मी अंधारात मनातल्या मनात पाढे म्हणायचे. तेवीसच्या पाढ्यापर्यंत तिचा डोळा लागायचा, माझा बऱ्याचदा त्याआधीच.

चौथा पर्याय म्हणजे काहीच न बदलणं. थोपटून, अंगाई म्हणून, कुशीत घेऊन झोपवणं हा दोष नाही. सगळ्यांची झोप पुरी होत असेल तर कोणाच्या सांगण्यावरून ते मोडू नका. वर्षाच्या आतलं बाळ मात्र पाठीवर, टणक सपाट गादीवर, उशी-पांघरुणाच्या ढिगापासून दूर हवं. सोफ्यावर त्याला कुशीत घेऊन डोळा लागणं सगळ्यात धोक्याचं.

तीन वर्षांवरचं मूल सारखं उठून बाहेर येत असेल, तर एक युक्ती वेगळी सांगण्यासारखी आहे. पुठ्ठ्याचं एक कार्ड करून द्यायचं. ते दाखवून रात्री एकदा बाहेर येता येतं किंवा एक मागणी करता येते, मग कार्ड जमा. पुढचं सगळं उद्या. आमच्या थोरल्याने ते कार्ड उशीखाली ‘वाचवून’ ठेवलं आणि आठवडाभर वापरलंच नाही.

कोणतीही पद्धत घ्या, रोज त्याच क्रमाने चालणारा अर्धा तास लागतोच: अंघोळ किंवा हातपाय धुणं, कपडे, गोष्ट, दिवा मंद. उजेडाचं तर विशेष सांभाळा. 2018 साली 3 ते 5 वर्षांच्या मुलांना झोपेआधी तासभर प्रखर उजेडात बसवून पाहिलं, तेव्हा त्यांच्यातलं झोपेचं संप्रेरक मेलाटोनिन सुमारे 88 टक्क्यांनी उतरलं होतं. मुलं दहाच होती, पण मी त्या दिवसापासून आमच्या खोलीतला ट्यूबलाइट रात्री लावत नाही.

मेलाटोनिनच्या गोळ्या? ऑटिझम किंवा एडीएचडी (लक्ष न टिकण्याचा, अतिचंचलतेचा विकार) असलेल्या मुलांना डॉक्टर विचारपूर्वक देतात, ती गोष्ट वेगळी. स्वतःहून आणून देऊ नका. 2023 साली अमेरिकेत चघळायच्या 25 उत्पादनांची तपासणी झाली, त्यातल्या 22 वरचा आकडा आतल्या मात्रेशी जुळत नव्हता. सर्दीचं औषध देऊन झोपवणं तर मुळीच नको, काही मुलं त्याने उलट पिसाटतात.

आणि घोरणं, श्वास मध्येच अडकणं, तोंड उघडं टाकून झोपणं, रात्री पायात वळवळ होते म्हणून रडणं, यातलं काही असेल तर एकही पद्धत सुरू करायच्या आधी डॉक्टरांकडे जा. वाढलेले टॉन्सिल किंवा कमी पडलेलं लोह खुर्चीने बरं होत नाही.

कोणतीही पद्धत दोन आठवडे तरी द्या, तीन रात्रींत बदलू नका. ताप, प्रवास, नवी शाळा आली की सगळं मागे जातं, हे धरूनच चाला. मिनिटांची पद्धत अशा वेळी बंद ठेवायची आणि बरं वाटल्यावर पहिल्या रात्रीपासून सुरू करायची. खुर्ची मात्र एक-दोन घरं मागे आणली तरी पुरते. आमची गेल्या महिन्यात धाकटीच्या तापानंतर दाराबाहेरून थेट पलंगाशी आली होती. चार रात्री तिथे राहिली, आता पुन्हा उंबऱ्यावर आहे.