'वॅक्सवर्क्स'च्या ब्ल्यू-रेवरचे रेबस-फिल्म : काही महिने पाहिल्यानंतर

डिस्क घेतली ती जर्मन दिग्दर्शक पाउल लेनीच्या 'वॅक्सवर्क्स' (१९२४) या मूकपटासाठी. घरात जास्त वेळा लागतात ते मात्र तिच्यावरचे जोड-लघुपट, म्हणजे लेनीचेच आठ रेबस-फिल्म (रेबस म्हणजे चित्रकोडं).

शब्दकोड्यांचं वेड अमेरिकेतून जर्मनीत पोहोचलं १९२५ च्या सुमारास आणि लेनीने ते थेट पडद्यावर आणलं. मुख्य चित्रपटाआधी कोडं दाखवायचं, प्रेक्षकांच्या हाती रिकाम्या चौकटींचं कार्ड द्यायचं आणि उत्तर दाखवायचं चित्रपट संपल्यावर. आडव्या-उभ्या शब्दांची सूत्रं लिहिलेली नसतात, ती चित्रांतून ओळखायची. चौकट अ‍ॅनिमेशनने उलगडते, मग एकात एक मिसळलेल्या दृश्यांचा मारा सुरू होतो. ही करामत कॅमेरामन गीडो झेबरची. तेव्हा संगणक कुठला! फ्रेमचा एक भाग झाकून चित्रण करायचं, फिल्म मागे गुंडाळायची आणि झाकलेल्या जागी दुसरं दृश्य टिपायचं. एक गणित चुकलं की सगळंच वाया. झेबरने १९२७ मध्ये ट्रिक-चित्रणावर अख्खं पुस्तक लिहिलं. हे लघुपट पाहताना त्याचा हात किती बसलेला होता ते कळतं.

सलग आठ पाहू नका, अगदी कळकळीने सांगतो. प्रश्न आणि उत्तर पाठोपाठ पाहिलं की उरते ती नुसती चित्रांची धावपळ. आम्ही प्रश्नाचा भाग संपला की थांबतो, एखादा मूकपट पाहतो आणि मगच उत्तर लावतो. आई रोज पेपरातलं शब्दकोडं सोडवते. ती पाठकोऱ्या कागदावर पेन्सिलीने चौकटी आखून बसते. समोर 'वॅक्सवर्क्स'मधला एमिल यानिंग्जचा हारून अल-रशीद रंगात आलेला असतो आणि हिच्या डोक्यात तिसरा आडवा शब्द. मध्येच "अगं बाई, सुचलं!" म्हणून ती कागद ओढते. लेनीला प्रेक्षकांकडून हेच हवं असणार.

अडचण एकच, पण मोठी. शंभर वर्षांपूर्वीच्या बर्लिनकराला जे सहज ओळखू यायचं ते आपल्याला येत नाही, त्यामुळे काही चौकटी रिकाम्याच राहतात. चित्रंही भराभर पुढे सरकतात. पॉझ करायचा मोह होतो, पण पहिल्या खेपेला तो आवरा. दुसऱ्यांदा पाहताना मात्र हवं तिथे थांबवा आणि एकेका फ्रेममध्ये झेबरने किती दृश्यं बसवलीत ते मोजा.