केन्शी : आधी पाणी पाहा, मग घर बांधा

माझा धंदा मोटर वायंडिंगचा. गाव दर्यापूर तालुक्यात, म्हणजे पूर्णेच्या खारपाणपट्ट्यात. इथे बोअरला पाणी लागलं म्हणून कोणी पेढे वाटत नाही. आधी ते जिभेवर घेऊन पाहतात. तेच खारं पाणी पंपाचे इम्पेलर आणि बुश खातं, आणि त्यावर माझं पोट चालतं. हे सांगायचं कारण असं की ‘केन्शी’बद्दल जिथे पाहावं तिथे तलवारी, डाकू आणि तुटलेले हातपाय यांचंच कौतुक चालतं. मला हा गेम वेगळ्याच गोष्टीसाठी आवडला. त्यात घर बांधण्याआधी जमिनीखाली काय आहे ते पाहावं लागतं.

आधी ओळख. इंग्लंडमधल्या ब्रिस्टलच्या लो-फाय गेम्स या छोट्या कंपनीचा हा गेम. ख्रिस हंट नावाच्या माणसाने तो सुरुवातीची कित्येक वर्षं एकट्याने बनवला, पोटापाण्यासाठी सिक्युरिटी गार्डची अर्धवेळ नोकरी करत. २०१३ मध्ये अर्धवट अवस्थेत स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात आला आणि ६ डिसेंबर २०१८ला पूर्ण झाला. नकाशा ८७० चौरस किलोमीटरचा. त्यात दलदल आहे, थोडी हिरवळही आहे, पण डोळ्यांत भरतं ते वाळवंट आणि उजाड माळ. एकट्यानेच खेळायचा गेम आहे, त्यामुळे एकदा उतरवून घेतला की नेट असो-नसो, चालतो. आमच्याकडे हा मोठाच गुण.

सुरुवातीला एक माणूस मिळतो. अंगावर चिंध्या, हातात गंजकं हत्यार, खिशात थोडे कॅट. तिथल्या पैशाला कॅट म्हणतात. गाव हब नावाचं, निम्मं पडकं, एक गुत्ता तेवढा चालू. पुढे काय करायचं ते कोणी सांगत नाही. माझा भाचा अमरावतीला इंजिनिअरिंगला आहे, त्यानेच हा गेम सेलमध्ये घेऊन दिला. दिवाळीत आला तेव्हा विचारलं, “अरे, ह्यात करायचं काय?” तर म्हणे, “मामा, तेच तर ह्यात नाही. जगून दाखवा.”

जगायचं तर खायला पाहिजे आणि खायला पैसे पाहिजेत. बहुतेकांचा पहिला रोजगार एकच: गावाबाहेरच्या खडकातून तांब्याची खनिजं फोडायची, आणून विकायची, त्या पैशाची भाकरी घ्यायची. आता आमच्या दुकानात जळालेल्या मोटरीतून निघालेलं तांबं आम्हीही किलोवर विकतो, त्यामुळे मला तिथे पहिल्या रात्रीपासून घरच्यासारखं वाटलं. घणाचे घाव घालत माणूस उभा असतो, वरून ऊन, आकाशात एक प्रचंड ग्रह टांगलेला. कंटाळवाणं आहे. पण तो कंटाळा गेमने मुद्दाम ठेवलाय असं मला वाटतं, कारण तांबं विकून परत येताना वाटेत भुकेले डाकू भेटतात. त्यांचं नावच ‘हंग्री बँडिट्स’ आहे. तेही तुमच्यासारखेच फाटके. झोडपतात, असेल ते खाणं काढून घेतात आणि रक्त वाहतंय तसंच टाकून जातात. जीव घ्यायला ते आलेलेच नसतात. जगातल्या कितीतरी गेममध्ये मी डाकू मारले, पण त्यांना भूक लागलेली आहे हे कुठल्या गेमने मला आधी सांगितलं नव्हतं.

मार खाण्याचाही हिशेब आहे. मार खाऊन जगलात की अंगाचा कणखरपणा वाढतो. ओझं घेऊन चाललात की ताकद वाढते, पळालात की पळण्याचा वेग. कुठे जादूची बाटली नाही की वरच्या लेव्हलला गेल्याची तुतारी नाही. जे अंग वापराल ते तयार होतं. आणि जे जाईल ते जातं. माझ्या टोळीची म्होरकी एक बाई होती, तिचा हात एका लांब मानेच्या, चोचीच्या जनावराने तोडला. तो परत आला नाही. यंत्राचा हात विकत घेऊन बसवावा लागला, आणि चांगल्या हाताची किंमत ऐकून पुन्हा तांबं फोडायला लागलो.

आता पाण्याचं. माणसं जमली, दोन पैसे साठले की जवळजवळ कुठेही स्वतःची वस्ती बांधता येते. त्याआधी एक तपासणीची खिडकी उघडते. त्यात त्या जागचं लोखंड, तांबं, दगड, वाऱ्याचा वेग, भूजलाचा टक्का, आणि जमीन कोरड्या पिकाला किती चांगली, हिरव्या पिकाला किती, दलदलीच्या पिकाला किती, असं सगळं दिसतं. इथे मी तासन्‌तास घालवलेत. नकाशावर फिरायचं, थांबायचं, खिडकी उघडायची, टक्का पाहायचा, पुढे जायचं. एकदा एक काका मोटर न्यायला आले होते. वार्निश वाळायचं बाकी होतं म्हणून बसले.

“हे कोणतं गाव हाय भाऊ?”

“गाव नाही काका, गेम आहे.”

“मंग पाणी काहून पाहून राहिले?”

समजावून सांगितलं, तर खुर्ची ओढून घेतली. लोखंड भरपूर, वारा भरपूर आणि पाणी अगदीच कमी अशी एक जागा मला पसंत होती. काका म्हणाले, “सोडा ते. लोखंड खाता येते का?” पुढची जागा त्यांनीच पसंत केली. मोटर संध्याकाळी नेली.

विहीर खोदली की तिचं पाणी त्या टक्क्यानुसार येतं. शेताच्या प्रत्येक तुकड्याला पाणी लागतं आणि ते माणसाला वाहून न्यावं लागतं, म्हणून विहीर आणि वावर यांच्यातलं अंतर महत्त्वाचं. ही गोष्ट खेळताना आपोआप कळते, कोणी धडा देत नाही. कोरड्या जमिनीत निवडुंग येतो, आणि कापूस. हो, कापूस! तो वेचायचा, मागावर बसून त्याचं कापड करायचं आणि त्या कापडाचे कपडे शिवायचे. आमच्याकडे कापूस गाडीत भरला आणि जिनिंगच्या फाटकातून आत गेला की शेतकऱ्याचा त्याच्याशी संबंध संपला. इथे ज्याने वेचला तोच मागावर बसतो, आणि शिवलेला अंगरखा त्याच्याच अंगावर दिसतो. बोंडअळी नाही, फवारणी नाही, भावाची चर्चा नाही. वऱ्हाडातल्या माणसाने हे सलग पाहू नये, सवय लागते.

विजेचं गणितही बरं जमवलंय. पवनचक्क्या लावायच्या, पण वारा पडला की वीज कमी होते, यंत्रं मंदावतात. मग बॅटऱ्या घ्या, किंवा इंधनावरचं जनरेटर. रात्रीची थ्री फेज येईल म्हणून वावरात चादर पांघरून बसलेल्या माणसाला हे शिकवायला नको.

पण दोन ठिकाणी गेम साफ चुकतो. एक, भूजलाचा टक्का कधीच कमी होत नाही. किती विहिरी खोदा, किती उपसा, जेवढं पहिल्या दिवशी होतं तेवढंच शेवटी. शेजाऱ्याने तुमच्यापेक्षा खोल बोअर मारला आणि तुमचा आटला, असं तिथे होत नाही. वाळवंटातल्या गेममध्ये ही सूट मला पटली नाही. भूक एवढी कडक ठेवली, तर पाणी का सैल सोडलं? दुसरं मजुरीचं. गुत्त्यात माणूस भेटतो, एकदाच पैसे दिले की जन्मभर तुमचा. ना सालाचा करार, ना पाडव्याला नवा हिशेब. खायला घातलं की झालं. असा सालदार कोणाला सापडला तर मलाही कळवा.

लोक म्हणतात केन्शीला कथा नाही. तुम्हीच निवडलेले वीर, आता दुष्टाला मारा, असली कथा नाही हे खरं. पण वस्ती बांधली की कथा दारात येते. हबच्या आसपास बसलात तर डस्ट बँडिट्स ही डाकूंची दुसरी टोळी हप्ता मागायला येते. युनायटेड सिटीज या राज्याच्या हद्दीत बसलात तर करवसुलीवाले येतात. आणि पाणी, माती, हिरवळ सगळं असलेला सर्वांत सुपीक पट्टा, ओक्रान्स प्राइड, तो होली नेशन या धर्मराज्याच्या ताब्यात. तिथे पैसे मागत नाहीत, प्रार्थनेला येतात. त्यांचा धर्मग्रंथ घेऊन पुरुषाने पुढे व्हायचं. बाईला तिथे दुय्यम जागा, यंत्राच्या हाताला थाराच नाही. माझी म्होरकी बाई, तिचा एक हात लोखंडाचा, आणि काकांनी पसंत केलेली जागा नेमकी त्याच पट्ट्यात! शेत उभं, कणसं भरलेली, आणि फाटकाशी चिलखतातले पुजारी. त्या रात्री मी गेम थांबवून, चहा करून, पुन्हा येऊन बसलो. ते पीक सोडून माणसं घेऊन कोरड्या भागात निघून जायचं ठरवलं. लिहून दिलेली कुठलीही कथा मला या निर्णयाइतकी चावली नसती.

जुनी कथाही आहे, पण ती पुरलेली. वाळूत प्रचंड यंत्रांचे सांगाडे पडलेत. ‘स्केलेटन’ म्हणवणारे यंत्रमानव हजारो वर्षं जगतायत. त्यांना खायला लागत नाही, म्हणून या भुकेच्या जगात ते सर्वांत निवांत, आणि जुन्या गोष्टी विचारल्या की विषय बदलतात. मोडक्या प्रयोगशाळांत पुस्तकं सापडतात. धर्मराज्य इतिहास एक सांगतं, यंत्रमानवांच्या बोलण्यातून दुसराच निसटतो. वेंज नावाच्या भागात दिवसा आकाशातून जाळणारे किरण पडतात, आणि ते कोणी, कशासाठी वर बसवले असतील याचा विचार करत तुम्ही पळत असता. सगळं जोडायला वेळ लागतो. मी जे जोडलं ते इथे लिहीत नाही.

खटकणाऱ्या गोष्टी अजून आहेत. माणसं दगडात, जिन्यात अडकतात. दहा जणांना हाक मारली की एक जण भिंतीकडे तोंड करून उभा. लढाई लांबून बरी दिसते, जवळून बाहुल्यांची. कामं लावून द्यायची पद्धत सुरुवातीला डोकं खाते. पण एकदा बसली की टोळी न सांगता राबते. अक्षरं बारीक आहेत, आणि मराठी नाही, हिंदीही नाही. इंग्रजी फार अवघड नाही, पण वाचायचं भरपूर. लहान मुलांच्या हातात देऊ नका. गुलामांचा व्यापार आहे, नरभक्षक आहेत, अवयव तुटतात, आणि तुमचाच माणूस खाणीत बेड्या घालून नेला जातो. पहारेकऱ्यांची नजर चुकवून कुलूप उघडायचं आणि रात्रीत पळायचं, हा भाग मात्र पूर्ण गेममधला सर्वांत थरारक आहे, हेही सांगून ठेवतो.

मशीनचं विचाराल, तर कंपनी किमान ६ जीबी रॅम आणि १४ जीबी जागा मागते. १६ जीबी रॅम असली तर उत्तम म्हणते. माझ्या दुकानातला पीसी सेकंडहँड, रॅम ८ जीबी, ग्राफिक्स कमी ठेवून चालतो. खरी अडचण हार्ड डिस्कची. नकाशाच्या एका भागातून दुसऱ्यात जाताना जुन्या डिस्कवर गेम इतका थांबतो की मधल्या वेळात स्टार्टरचे पॉइंट घासून होतात. एसएसडी, म्हणजे नवी वेगवान डिस्क, टाकली तेव्हा कुठे बरं वाटलं. ऑटोसेव्हची, म्हणजे खेळ आपोआप जतन होण्याची, वेळ कमीत कमी ठेवा, लाइन सांगून जात नाही.

घ्यावा का? ज्याला संध्याकाळी अर्धा तास मजा पाहिजे त्याने घेऊ नये. बाकीच्यांनी सेलमध्ये जरूर घ्यावा. केन्शीचा दुसरा भागही बनतोय, त्यात याच जगाचा हजार वर्षं आधीचा काळ आहे. पण त्याची वाट पाहत बसू नका. नवीन खेळ सुरू करताना बरेच पर्याय येतात. ‘वाँडरर’ निवडा. ‘रॉक बॉटम’च्या वाट्याला लगेच जाऊ नका, त्यात एक हात तुटलेला, अंगावर कपडे नाहीत आणि वाळवंटाच्या मधोमध उपाशी अशी सुरुवात आहे. भाच्याने तोच निवडला होता. त्याचं पात्र किती वेळ टिकलं ते तो अजून सांगत नाही.