बंद घरांच्या भिंती रंगवणारा आमच्याकडचा पेंटर

आधी निवडणुकीच्या घोषणा रंगवायचा. फ्लेक्स आले आणि काम गेलं. आता खानदेशातल्या पारोळ्याकडचा हा पेंटर कुलूपबंद घरांच्या भिंतींवर तिथल्या माणसांची चित्रं काढून देतो. आमची निम्मी गल्ली सुरतेला, उधना-लिंबायतला. श्रावणात कानबाई देवीच्या सणाला, रोटांच्या नैवेद्यापुरती घरं उघडतात.

मी आजीचं चित्र सांगितलं. फोटो एकच, तोही आधार कार्डावरचा. गडी तासभर नुसतं विचारत बसला: पदर कुठल्या खांद्यावर, धाब्यावर (घराच्या सपाट मातीच्या छतावर) खारी माती टाकताना टोपली डोक्यावर की कमरेवर? चित्रात ती शिडीवर आहे, नाकात फुली, कोपरापर्यंत पांढरी माती. चेहरा जेमतेम जमला, हात मात्र हुबेहूब तिचे.

तारीख पाळत नाही. भिंतीला साधा डिस्टेंपर मारला, पहिल्याच पावसात खालची पट्टी उडाली. तेव्हा बाहेरच्या भिंतीला चालणारा रंग आपणच आणून द्या. आणि कडेला मोर काढू नको हे आधीच बजावा, नाहीतर काढतोच. शेजारचे आबा चित्र बघून म्हणाले, "इतली बारीक नई व्हती माय." पण बयाना त्यांनीही दिलाय.