पावसाळा ते थंडी: पॅन्ट भारी, जॅकेट देखणं, पाऊच नकोच

जॅकेट, पॅन्ट, टोपी आणि कमरेचा पाऊच असा एकाच ब्रँडचा सेट जूनमध्ये घेतला. तेव्हापासून सह्याद्रीतल्या ट्रेकला हेच कपडे असतात.

आधी पॅन्ट, कारण सगळ्यात भारी तीच निघाली. नायलॉनची, चहूबाजूंनी ताणली जाणारी. राजगडाच्या बालेकिल्ल्याच्या पायऱ्या चढताना पाय कितीही उंच टाका, गुडघ्यात आवळत नाही. करवंदाच्या जाळीत अडकून मांडीवरचे दोन धागे निघाले, पण कापड फाटलं नाही. ओढ्यात भिजली तरी वारा असला की चालता चालता वाळते. पावसात जीन्स घालून येणाऱ्यांनी ही एकदा घालून बघाच.

जॅकेट दिसायला लाजवाब. गडद केशरी रंग धुक्यातही उठून दिसतो. पाणी आत न शिरू देण्याचं १०,००० मिमी रेटिंग आहे (कापड किती उंच पाण्याच्या स्तंभाचा दाब सोसतं याचं माप) आणि शिवणींवरची टेप अजून जागची हललेली नाही. पण आतला घाम वाफ होऊन बाहेर पडायला आतल्या-बाहेरच्या हवेत दमटपणाचा फरक लागतो. जुलैत घाटमाथ्यावर बाहेरची हवाच ओलीकच्च, मग वाफ जाणार कुठे? तोरण्याचा चढ संपेपर्यंत टी-शर्ट घामानेच चिंब होतो. काखेत चेन असती तर वारा तरी खेळला असता. एवढी किंमत लावून ती न देणं मला अजिबात पटलेलं नाही.

दुसरं म्हणजे सॅकचे पट्टे घासून खांद्यावरचा पाणी झटकणारा थर ऑगस्टमध्येच गेला. तिथे थेंब ओघळायचे बंद झाले, कापड पाणी पिऊन जड व्हायला लागलं. सॉफ्टनर न घालता धुऊन, वर सुती कापड टाकून मंद इस्त्री फिरवली तेव्हा बराच फरक पडला. लेबलवर इस्त्रीला मनाई नाही ना, एवढं आधी बघा.

थंडीत मात्र याच जॅकेटने मन जिंकलं. कळसूबाईच्या माथ्यावर, १,६४६ मीटरवर, पहाटेचा बोचरा वारा आत शिरला नाही. पावसासाठी मी पुन्हा पोंचोच (डोक्यावरून घालायचा सैल रेनकोट) वापरणार. तो सॅकवरूनही येतो आणि खालून मोकळा असतो.

टोपी चांगली, मान झाकते. पाऊच घेऊ नका. चेन गंजून अडकते, मेणबत्ती घासून कशीबशी चालवतोय.

पॅन्ट नेहमीच्याच मापाची घ्या. जॅकेट आतून फ्लीस (मऊ, उबदार स्वेटरसारखा कपडा) घालायचं असेल तर एक साइज मोठं. माझ्या मापाचं फ्लीसवर खांद्यात ओढतं.