तडजोड की न्यायालय : कोलंबिया आणि हार्वर्ड
ज्यू विद्यार्थ्यांच्या छळाकडे दुर्लक्ष केल्याचा ठपका ठेवून ट्रम्प प्रशासनाने मार्च २०२५ मध्ये कोलंबिया विद्यापीठाचे सुमारे ४० कोटी डॉलरचे अनुदान रद्द केले, तेव्हा विद्यापीठाने तडजोडीचा मार्ग धरला आणि जुलैमध्ये २० कोटी डॉलर भरण्याचे मान्य केले. त्यामुळे अनुदानावर चालणारे संशोधन बचावले, ही गोष्ट लहान नाही. हार्वर्डने मात्र प्रशासनाच्या प्रवेश व नेमणुकांविषयीच्या अटी नाकारल्या आणि अनुदान थांबवले जाताच न्यायालयात धाव घेतली. सप्टेंबरमध्ये न्यायाधीश अ‍ॅलिसन बरोज यांनी अनुदानबंदी अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा भंग करणारी ठरवली, आणि विद्यापीठाने द्वेषपूर्ण वर्तन फार काळ खपवून घेतले, हेही नमूद केले. मला हार्वर्डचाच मार्ग योग्य वाटतो, कारण १९६४ च्या नागरी हक्क कायद्यात अनुदान थांबवण्यापूर्वी सुनावणीची तरतूद आहे, आणि ज्यू विद्यार्थ्यांच्या तक्रारींची खरी तड अशा सुनावणीतच लागू शकते.