उट्रेख्टचे सायकलमार्ग: एका निवृत्त पोस्टमनचा अभिप्राय

नेदरलँड्समधल्या उट्रेख्टला पोचल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी एका लाल वाटेवर उभा राहून चपलेचा बंद नीट करत होतो. मागून सात-आठ घंट्या एकदम वाजल्या. वळून बघतो तर बायका, पोरं, टाय लावलेले साहेब, एका गाडीच्या पुढच्या पेटीत बसलेली दोन लहान मुलं, सगळे माझ्याकडं असे बघत होते की जणू मी रेल्वेच्या रुळावर अंथरूण टाकलंय. मला तो फुटपाथ वाटला होता. लाल, गुळगुळीत, कडेला झाडं. आमच्याकडं इतका चांगला डांबरी तुकडा दिसला तर त्यावर आधी माणूस उभा राहतो, मग भजीचा गाडा.

मी सांगलीत ३४ वर्षं पोस्टमन होतो. खांद्याला बॅग, बुडाखाली सायकल, आणि टपाल वाटायला विश्रामबागेकडची बीट. सायकलीबद्दल मला कुणी काही शिकवावं असं आता उरलेलं नाही, या घमेंडीतच मी मुलाकडं ९० दिवसांच्या व्हिसावर गेलो. हॉटेलांचे आणि म्युझियमांचे अभिप्राय पुष्कळ लोक लिहितात. मी तिथल्या सायकलमार्गांचा आणि त्यावरच्या नियमांचा लिहितोय. रोज वापरलेली सेवा तीच. वापरायला पैसे पडत नाहीत, चुकलं तर मात्र दंड पडतो.

सायकल मुलानं जुनी घेऊन ठेवली होती. काळी, उंच, घोड्यासारखी. हँडलला ब्रेक नाही! पॅडल उलटं मारलं की मागचं चाक थांबतं. आता मला उतारावर पाय मोकळे सोडून पॅडल मागं फिरवत बसायची ३४ वर्षांची सवय. पहिल्याच पुलाच्या उतारावर मी सवयीनं पाय मागं घेतला आणि सायकल जागच्या जागी उभी राहिली, मी मात्र नाही. गुडघा सोलवटला. चूक माझीच. पुढं चार दिवसांत पायांना कळलं, आणि मग लक्षात आलं की पावसात आमच्या सळईच्या ब्रेकपेक्षा हा बरा, कारण रिम ओली झाली तरी त्याचं काही बिघडत नाही.

मला नियम शिकवले ते अकरा वर्षांच्या नातीनं. तिथं प्राथमिक शाळेच्या शेवटच्या इयत्तांमध्ये पोरांची वाहतुकीची परीक्षा असते. आधी लेखी, मग सायकलीवर प्रत्यक्ष, गावातल्या खऱ्या रस्त्यांवरून. अंगात नंबर लावलेलं जॅकेट, आणि कोपऱ्याकोपऱ्यावर कुणीतरी वही घेऊन उभं. ती पास झालेली होती, त्यामुळं तिच्या बोलण्यात आरटीओच्या साहेबाचा थाट होता.

पहिला धडा दातांचा. चौकाच्या तोंडाशी जमिनीवर पांढऱ्या त्रिकोणांची ओळ रंगवलेली असते. डच लोक त्याला शार्कचे दात म्हणतात. टोकं तुझ्याकडं असतील तर तू थांबायचं, आडव्या रस्त्यावरच्याला जाऊ द्यायचं. टोकं दुसऱ्याकडं असतील तर तो थांबणार, तू जा. मी पहिल्या आठवड्यात हे दात दोनदा तुडवले. दुसऱ्यांदा एका बाईनं काही न बोलता नुसतं जमिनीकडं बोट दाखवलं. नात म्हणाली, "आबा, तू वर काय बघतोस? पत्ता खाली लिहिलाय."

पोस्टमनला हे वाक्य लागायचं तसं लागलं.

दात नसतील, पाटी नसेल, सिग्नल नसेल, तर उजवीकडून येणारा आधी. ही गंमत ऐका. २००१ पर्यंत अशा चौकात सायकलवाल्यानं मोटारीला वाट द्यायची, ती उजवीकडून आली काय आणि डावीकडून आली काय. १ मे २००१ पासून उजवीकडून येणारी साधी सायकलसुद्धा मोटारीला थांबवते. अपवाद ट्रामचा, ती सगळ्यांच्या आधी. आमच्याकडं असल्या चौकात कुणी आधी जायचं हे चार गोष्टींवर ठरतं: गाडीचा आकार, हॉर्नचा आवाज, नजरेला नजर आणि नशीब. मी हजारदा तरी थांबलोय, नियम म्हणून नाही, समोर ट्रक होता म्हणून. तिथं मी थांबलो की समोरच्याला ठाऊक असतं मी थांबणार, आणि मी निघालो की त्याला ठाऊक असतं मी निघणार. पाळी कुणाची हे आधीच ठरलंय. एवढ्या एका गोष्टीनं माझ्या खांद्यातला ताण गेला. तो इतकी वर्षं होता हेच मला माहीत नव्हतं.

लाल रंगाबद्दल. गेल्यावर सगळेच त्या रंगाचे फोटो काढतात, मीही काढले. पण रंगाला कायद्यात काहीच अर्थ नाही. अर्थ पाटीला. गोल निळी पाटी, त्यात पांढरी सायकल, म्हणजे हा सायकलमार्ग आणि सायकलवाल्यानं इथूनच जायचं, मोठ्या रस्त्यावर उतरायचं नाही. पाटीत सायकलीबरोबर मोपेडही असेल तर तीही त्याच मार्गावर येणार, जपून राहा. वेगळा मार्ग नसून रस्त्याच्याच कडेला पट्टा असेल तर त्यावर काढलेली सायकल बघायची. सायकल काढलेली आणि रेघ सलग, तर मोटारीनं त्यात यायचंच नाही. रेघ तुटक, तर सायकलवाल्याला अडवणार नसेल तरच. दोन्हींत गाडी उभी करायला बंदी. आणि सायकल काढलेली नसेल, नुसता लाल पट्टा आणि तुटक रेघ, तर तो कायद्याच्या नजरेत काहीच नाही, नुसता सल्ला. हे मला फार आवडलं नाही. सरकारी रंग आणि सल्ला? आमच्या खात्यात लाल डबा म्हणजे लाल डबा.

काही रस्ते सबंध लाल असतात आणि पाटीवर लिहिलेलं असतं, "आउटो ते खास्ट". मोटार इथं पाहुणी. नातीनं अर्थ सांगितल्यावर मी सायकल थांबवून ती पाटी नीट पाहिली. यालाही कायद्यात वेगळं स्थान नाही म्हणे, पण मोटारी मागून मुकाट्यानं येत होत्या. पाहुण्यानं हॉर्न वाजवायचा नसतो, एवढं त्यांना कळत असावं.

सगळ्यात जास्त गुण मी देईन ते छोट्या गल्ल्यांच्या तोंडाला. आपल्याकडं फुटपाथ प्रत्येक गल्लीशी तुटतो, माणूस खाली उतरतो, पलीकडं पुन्हा चढतो. तिथं फुटपाथ आणि सायकलमार्ग गल्लीच्या तोंडावरूनही तसेच सपाट, त्याच उंचीवर, पुढं जातात. गल्लीतून बाहेर येणाऱ्या मोटारीलाच उंचवटा चढून, ते ओलांडून, पलीकडं उतरावं लागतं. आणि नियम असा की अशा जागेतून बाहेर पडणाऱ्यानं सगळ्यांना वाट द्यायची, चालणाऱ्यांनासुद्धा. बोर्ड वाचायची गरज नाही, गाडीच्या बुडाला कळतं. मी बीटवर रोज कितीदा सायकल उतरवून चढवली असेल याचा हिशोब मनातल्या मनात केला आणि सोडून दिला.

गोल चौकांचं मात्र एक लक्षात ठेवा. गावात बहुतेक ठिकाणी गोलाला फिरणाऱ्या सायकलीचा मान आधी असतो, मोटार थांबते. गावाबाहेर पडलात की उलटं, तिथं सायकलीनं थांबायचं. काही गावं आपापला वेगळा हट्टही चालवतात. दात कुणाकडं आहेत ते बघितल्याशिवाय पुढं जाऊ नका. मी डोळे झाकून गेलो नाही म्हणून हे लिहायला राहिलो.

डबलशीटची गोष्ट सांगायलाच हवी. आमच्या तरुणपणी सायकलीला नगरपालिकेचा बिल्ला लागायचा, रात्री बत्ती लागायची, आणि डबलशीट दिसला की हवालदार शिट्टी मारायचा. मी लग्नानंतर बायकोला चौकाच्या अलीकडं उतरवायचो, ती चालत चौक ओलांडायची, आणि पलीकडं पुन्हा कॅरियरवर बसायची. उट्रेख्टात पोरं पोरींना कॅरियरवर बसवून पोलिसांसमोरून जातात. कायद्यानं चालतं. फक्त आठ वर्षांखालच्या मुलाला पाठ, हात, पाय टेकतील अशी सीट हवी. दोघांनी शेजारीशेजारी सायकल चालवत गप्पा मारणंही चालतं. तिघांनी नाही. घरी फोन करून बायकोला सांगितलं, तर म्हणाली, "आता सांगून काय उपयोग?"

बत्तीचा नियम कडक आहे. अंधारात पुढं पांढरी किंवा पिवळी, मागं लाल. सायकलीला नसेल तर छातीला आणि पाठीला अडकवलेली चालते, डोक्याला किंवा हाताला नाही, आणि लुकलुकणारी तर नाहीच. मोबाइल हातात घेऊन सायकल चालवायला १ जुलै २०१९ पासून बंदी आहे. नियम आला तेव्हा दंड ९५ युरो होता, नंतर वाढत गेला. तरीही फोन धरणारे दिसतात. तिथंही माणसंच आहेत म्हणून जरा बरं वाटलं. साध्या सायकलीवर हेल्मेटची सक्ती नाही आणि जवळजवळ कुणी घालत नाही. आपल्याला ते विचित्र वाटतं.

आता तक्रारी. पहिली, वेग. सकाळी आठ ते नऊ या वेळात सायकलमार्गावर जाऊ नका. माझ्यासारखा सावकाश चालवणारा कायद्यानं गुन्हेगार नाही, पण नजरांनी आहे. उजवी कड धरून राहिलो तरी शेजारून असे सटकतात की धोतर असतं तर फाटलं असतं. दुसरी, मोपेडी. निळ्या नंबरप्लेटची हलकी मोपेड सायकलमार्गावर येऊ शकते, मर्यादा ताशी २५ किलोमीटर. मर्यादा कागदावर. अ‍ॅमस्टरडॅमनं २०१९ साली शहराच्या आतल्या भागात त्यांना मोटारींच्या रस्त्यावर पाठवलं आणि हेल्मेट घालायला लावलं, ते योग्यच केलं. तिसरी, ती जाड टायरची बॅटरीची सायकल. चौदा-पंधरा वर्षांची पोरं तिच्या मोटरचा वेग गुपचूप वाढवून घेतात आणि पॅडलला पाय न लावता भुर्रकन जातात. नात म्हणते तिच्या वर्गातल्या प्रत्येकाला ती हवीय. म्हणजे हा प्रश्न वाढणार.

आणि चौथी, झेब्राची. सायकलमार्गावरही झेब्रा असतो आणि तिथं सायकलवाल्यानं चालणाऱ्याला थांबून वाट द्यायची असते. निम्मे लोक थांबत नाहीत. पहिल्या आठवड्यात मीही थांबलो नव्हतो. काठीवाल्या म्हाताऱ्या बाईनं माझ्याकडं बघितलं ते अजून आठवतं.

हे सगळं डच माणसाच्या रक्तातच असेल अशी माझी समजूत होती, ती मुलानं काढली. १९७१ साली त्या देशात रस्त्यांवर तीन हजारांहून जास्त माणसं मेली, त्यात शेकडो लहान मुलं. मग आईबाप रस्त्यावर उतरले. त्यानंतर रस्ते बदलत गेले. कायदाही गाडीवाल्याकडं बोट दाखवतो: मोटारीची आणि सायकलीची टक्कर झाली तर भरपाईचा भार बहुतेक वेळा मोटारवाल्यावर, आणि सायकलवाला चौदा वर्षांखालचा असेल तर जवळजवळ पूर्णच. सायकलवाल्याची चूक असली तरी. यावर मी आणि मुलगा तासभर भांडलो. मला ते अन्यायाचं वाटलं. मग नातीकडं बघितलं आणि गप्प बसलो.

फिरायला कुठं जावं? रविवारी सकाळी मालीबानला जा. झाडांच्या रांगांमधून सरळ जाणारा रस्ता. १८८५ साली देशातला पहिला सायकलमार्ग इथंच झाला. त्याच्या दोन वर्षं आधी याच शहरात सायकलवाल्यांची संघटना निघाली होती. आज ती बंद पडलेल्या मोटारी दुरुस्त करायला माणूस पाठवते, नावात मात्र अजून सायकल आहे. तिथून आमेलिस्वेर्डच्या झाडीत जाता येतं. वाटेत जमिनीलगत अळंबीसारखे ठेंगणे खांब दिसतात, त्यावर गावांची नावं आणि किलोमीटर लिहिलेले. पत्ते वाचणाऱ्या माणसाला असले खांब दिसले की पुढं सरकवत नाही. पश्चिमेकडं कालव्यावरचा पूलही बघा, २०१७ चा. त्याची वाट वळसा घेऊन चक्क शाळेच्या छपरावरून उतरते. खाली पोरं शिकतायत आणि वरून आपण सायकल हाणतोय.

स्टेशनाखाली सायकली ठेवायची तीनमजली जागा आहे, साडेबारा हजार सायकलींची. आत सायकलीवर बसूनच जायचं, कुठल्या रांगेत किती जागा रिकामी ते दिव्यावर लिहून येतं, पहिले २४ तास फुकट. मी सायकल कुठं ठेवली ते विसरलो आणि पाऊण तास शोधली. रांगेचा नंबर लिहून ठेवा.

पाचपैकी चार तारे. एक मोपेडींनी खाल्ला.

परत आलो त्या आठवड्यात विश्रामबाग चौकात वळायचं होतं, तर सवयीनं डावा हात सरळ बाहेर काढला, तिथं काढायचो तसा. मागून येणारी रिक्षा कचकन थांबली. ड्रायव्हरनं डोकं बाहेर काढून विचारलं, "कुठं सोडू काका? आणि सायकलीचं काय करायचं?"